प्रश्नार्थक सर्वनामांचं प्रकरण

आर्य गौडा रोड, वेस्ट मांबलम,
मद्रास ३३
रविवार, ११ फेब्रुवारी १९६२

आदरणीय कनकाबाई यांस,

रविकांत खरवंडीकराचा नमस्कार पोचावा. पाकिटावरचं अक्षर ओळखून तुम्ही ते न फोडता बाजूला ठेवलं नसेल, अशी आशा करतो. आपली शेवटची भेट होऊन दोन वर्षं झाली. इतक्या दिवसांत एकदाही पत्र घातलं नाही, त्याला माझ्याकडे सांगण्यासारखं कारण नाही. कचेरीत काम फार असतं, असं लिहिणार होतो. पण रेल्वेच्या कचेरीत काम किती असतं हे तुम्हालाही ठाऊक आहे.

आमच्याकडे सगळं ठीक. आपल्या मराठी शाळेत आता एकेचाळीस मुलं झाली. दुपारच्या वर्गासाठी मागच्या अंगणात कीत्तूचं छप्पर घातलं आहे, त्यामुळे नारळाच्या झावळ्यांतून किडे पाटीवर पडतात आणि मुलं त्यातच रमतात. सुनंदा मुलांना शिकवते, मन लावून शिकवते. तुमच्या लाडक्या अलकनंदाला आता पुढचे दोन दात आले आहेत आणि ती वर्गात सगळ्यांत मोठ्यानं कविता म्हणते. मांबलमचे डास होते तसेच आहेत.

तुमचे वडील वेंकोबा गेल्याचं आपल्या शाळा-समितीच्या प्रतापसिंहरावांकडून पोंगलच्या सुमारास कळलं. तंजावरला तुमच्या चुलतभावाकडे होते, असं ते म्हणाले. त्याच वेळी लिहायला हवं होतं. राहून गेलं. ईश्वर त्यांच्या आत्म्यास शांती देवो.

पत्र लिहिण्यास कारण असं की, आपली व्याकरणाची पुस्तिका संपली. पाचशेच्या पाचशे प्रती गेल्या. तांबरम, अरकोणम, अगदी बंगळूरहूनसुद्धा मागणी आली. समितीला जूनच्या आत दुसरी आवृत्ती काढायची आहे आणि त्यात एक नवं प्रकरण हवं आहे, संबंधी सर्वनामांवर. 'जो, जी, जे' आणि 'तो, ती, ते'. प्रतापसिंहरावांचा आग्रह आहे, की प्रश्नार्थक सर्वनामांचं प्रकरण जसं झालं तसंच हे व्हावं. मुलांना त्या पुस्तिकेत तेवढं एकच प्रकरण आवडतं, असं सुनंदाही म्हणते.

मी चार वेळा लिहून पाहिलं. व्याख्या, उदाहरणं, रिकाम्या जागा भरा. वाचून मलाच जांभई आली.

आपण दोघांनी मिळून जसं ते पहिलं प्रकरण केलं होतं, तसं यातही तुम्हाला काही सुचलं, तर दोन ओळी कळवाव्यात. घाई नाही. तांबरमच्या वसतिगृहाच्या कामातून सवड मिळाली तरच. सुनंदानं नमस्कार सांगितला आहे.

आपला,
रविकांत खरवंडीकर

•

वेस्ट मांबलम
रविवार, ४ मार्च १९६२

आदरणीय कनकाबाई,

तुमचं पुडकं बुधवारी मिळालं.

मी दोन ओळी मागितल्या होत्या. तुम्ही चौदा पानं पाठवलीत, दोन्ही बाजूंनी लिहिलेली, समास सोडून, मुलांसाठी खेळ आखून. मी ती कचेरीत नेली आणि जेवणाच्या सुट्टीत वाचली. तमिळमध्ये 'जो' नाही, म्हणून आपली इकडची मुलं 'जो'ला अडखळतात, हे मला इतक्या वर्षांत कधी दिसलं नव्हतं. 'नेत्तु वंद पैयन', काल आलेला मुलगा. एवढं त्यांना सहज येतं. मग त्या वाक्याची गाठ सोडवायची आणि म्हणायचं: जो मुलगा काल आला, तो. तुम्ही तुमच्या तंजावरी मराठीत लिहिलंय, 'मुलांच्या तोंडी जें अहे तिथून निघावें, तरच तीं आपल्यासवें चालतात.' मी ते वाक्य किती वेळा वाचलं!

सोबत तुमचं कार्ड होतं. त्यावर तीनच ओळी. तुम्ही खुशाल आहात. ही पानं मुलांना लागतील म्हणून पाठवली आहेत. आणि छापील पुस्तिकेत तेविसाव्या पानावर एक चूक राहिली आहे, ती या खेपेस काढावी: 'तू येतोस काय?' यातलं 'काय' कुठल्याही नामाच्या जागी आलेलं नाही, म्हणून ते सर्वनाम नव्हे. ते नुसतं विचारण्यासाठी शेवटी जोडलेलं आहे.

ती चूक माझी आहे. तुमच्या मूळ पानांत ते उदाहरण नव्हतं. उदाहरणं थोडी वाढवावीत म्हणून ते मी घातलं होतं.

कार्डावर बाकी काही नव्हतं. मी ते उलटून पाहिलं. पत्त्याच्या बाजूलाही काही नव्हतं.

तुमची पानं अजून समितीला दिलेली नाहीत. दुसऱ्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत तुमच्या सहकार्याबद्दल आभार मानावेत, असा माझा विचार आहे. ठळक टाइपात.

हे वाक्य लिहिलं आणि परत वाचलं. लाज वाटली. पत्र इथेच थांबवतो. नीट लिहायला जमलं की लिहीन.

रविकांत

•

वेस्ट मांबलम
रविवार, २२ एप्रिल १९६२

कनकाबाई,

मायना घालायला धजत नाही. नुसतं नाव लिहिलं आहे, त्याबद्दल राग मानू नये.

एक तारखेला, रविवारी, मी तांबरमला आलो होतो. मनाशी ठरवलं होतं, की समोर उभं राहून सांगायचं. मांबलम स्टेशनवरून दहाच्या सुमारास गाडी पकडली, चौकशी करत वसतिगृहापर्यंत आलो. तुम्ही आतल्या अंगणात होता. सात-आठ मुली न्हाऊन उन्हात केस वाळवत बसल्या होत्या आणि तुम्ही एकीच्या केसांतला गुंता काढत होता. फाटकावरच्या म्हाताऱ्या रखवालदारानं विचारलं, 'यारै पार्क्कणुम, सार?' कोणाला भेटायचंय? तुमचं नाव सांगायचं, एवढंच काम होतं. मला ते जमलं नाही. मी म्हटलं, पत्ता चुकला. तो बिचारा मला स्टेशनचा रस्ता दाखवायला चार पावलं बरोबर आला.

म्हणून लिहितो आहे. समोर येण्यापेक्षा हे सोपं आहे, हेही मला कळतं.

पहिल्या पत्रात मी लिहिलं, 'आपण दोघांनी मिळून केलं.' ते खोटं आहे. प्रश्नार्थक सर्वनामांचं प्रकरण तुम्ही लिहिलंत. एकटीनं. मी ते स्वच्छ उतरवून काढलं, तुमचे काही शब्द माझ्याकडच्या वळणाचे केले आणि एक चुकीचं उदाहरण घातलं. माझा वाटा तेवढा.

ते कसं जन्मलं तेही मला आठवतं, कारण मी वर्गाच्या दारात उभा होतो. पलीकडच्या खोलीत माझी मुलं 'कोण, काय, कोणता, किती' असं पाढ्यासारखं घोकत होती. तुमच्या वर्गात हसू चाललं होतं. अलकनंदानं एका चित्रातल्या बाईकडे बोट दाखवून विचारलं होतं, 'ती कोणी?' मी असतो तर 'चूक' म्हणून पुढे गेलो असतो. तुम्ही तिला जवळ घेऊन विचारलंत, 'कोणी कां म्हणालीस, अम्मा?' ती म्हणाली, 'मुलगा, मुलगी. कोण, कोणी.' तमिळमध्ये बाईबद्दल विचारायला वेगळा शब्द आहे, मराठीतही असणार, असा त्या सहा वर्षांच्या पोरीचा हिशेब. तुम्ही तिला शाबासकी दिलीत. मग सगळ्या वर्गाला सांगितलंत, की मराठीत 'कोण' हा एकच शब्द राजालाही आणि भांडी घासणाऱ्या बाईलाही पुरतो; 'कोणता' मात्र माणूस पाहून 'कोणती' होतो.

त्यानंतर तुम्ही तो खेळ काढलात. पिशवीतून वस्तू काढायची, उत्तर आधी सांगायचं आणि मुलांनी त्याचा प्रश्न शोधायचा. 'सुरीनं.' पोरं ओरडली, 'कायनं कापलं?' तुम्ही नुसती मान हलवलीत. कितीतरी वेळानं मागून एक आवाज आला, 'कशानं?' आणि सगळा वर्ग 'कशानं, कशाला, कशात' करत नाचायला लागला. 'काय'ला प्रत्यय लागला की त्याचं 'कशा' होतं, हे मी माझ्या मुलांना तीन आठवडे शिकवत होतो.

तुम्ही ते सगळं लिहून काढून मला दिलंत, तेव्हा मला आनंद झाला नाही. राग आला. मी वाईत शिकलेला, घरात पोथ्या, मोठमोठे शब्द तोंडावर. आणि तुम्ही वडिलांकडून घरीच मराठी शिकलेल्या, निम्मं बोलणं तमिळ मिसळलेलं. मुलं मला 'मास्तर' म्हणून उठून उभी राहत. तुमच्याकडे धावत येत. हे मला बोचत होतं, आणि मी स्वतःलासुद्धा ते कधी सांगितलं नव्हतं.

पानं देताना तुम्ही काय म्हणालात तेही मी विसरलेलो नाही. 'भाषा तेवढी नीट करून द्या, रविकांतराव. अमची मराठी ऐकून समितीस हसूं येईल. नेमणूक झाली तर अप्पांना इथंच ठेवतां येईल, डाक्टर जवळ अहे.' म्हणजे समिती शाळेवर पगारी शिक्षिका नेमणार होती, ती जागा तुम्हाला कशासाठी हवी होती, हे मला माहीत होतं. माहीत नव्हतं असं म्हणायची सोयसुद्धा मला नाही.

आता प्रतापसिंहरावांच्या व्हरांड्यातली ती बैठक. डिसेंबर १९५९. समितीचे सहा जण वेताच्या खुर्च्यांवर. तुम्ही आणि सुनंदा आतून कॉफी आणत होता. प्रतापसिंहराव माझ्या अक्षरातली तुमची पानं मोठ्यानं वाचत होते आणि 'ती कोणी'पाशी आल्यावर चष्मा काढून हसले. तंजावरचा माणूस, त्यांना त्यात आपल्याच घरातलं बोलणं ऐकू येत असणार. ते म्हणाले, 'रविकांतराव, बाकीची पुस्तिका तुमची खरी. पण हें प्रकरण निराळें अहे. हें कोणीं लिहिलें?'

त्यांना काहीतरी संशय होता, असं आज वाटतं. संशय नव्हे, आशा. ते हसत होते आणि दाराकडे पाहत होते. दारात तुम्ही होता, हातात ट्रे. तुम्ही थांबलात.

मी म्हणालो, 'मीच.'

'मी' म्हणून भागलं असतं. तो 'च' कोणी मागितला नव्हता.

तुम्ही एकदा माझ्याकडे पाहिलंत. मग ट्रे घेऊन पुढे आलात आणि एकेकाला कॉफी दिलीत. मलाही. मी ती प्यायलो. त्यानंतर कोणीतरी म्हणालं, की मुलांनी शुद्ध मराठी शिकायची तर शिकवणारीही तशीच हवी. प्रतापसिंहराव खुर्चीत मागे टेकले आणि म्हणाले, 'खरें अहे. हें आमच्या लोकांस जमायचें नाहीं.' ते तुम्ही ऐकलंत. मग माझ्याच घरात मॅट्रिक झालेली बायको आहे, हे कोणाच्या तरी लक्षात आलं. त्या वेळीही तोंड उघडता आलं असतं. मी तोंड उघडलं, पण ते असं म्हणायला, की सुनंदाला मुलांची फार आवड आहे.

तुम्ही ट्रे आत ठेवलात, चप्पल घातलीत आणि गेलात. नंतरच्या रविवारी वर्गावर आला नाहीत. महिन्याभरानं कळलं, की तांबरमच्या मुलींच्या वसतिगृहात तुम्हाला काम मिळालं. तिथे पुरुषमाणसाला राहू देत नाहीत, म्हणून वेंकोबांना तंजावरला पोचवलंत. ते तिथे वारले तेव्हा तुम्ही इथे मुलींच्या परीक्षांच्या गडबडीत होता, हेही मला प्रतापसिंहरावांनीच सांगितलं. त्यांना बिचाऱ्यांना यातला माझा भाग माहीत नव्हता. मी 'अरेरे' म्हणालो. खरोखर हाच शब्द म्हणालो.

तुम्ही त्या दिवशी गप्प का राहिलात, हे मी दोन वर्षं स्वतःला समजावत होतो. कधी म्हणायचो, तुम्हाला पर्वा नव्हती. कधी म्हणायचो, आपण पानं देऊन टाकली असंच तुम्हीही धरून चालला असाल. तुमची चौदा पानं हातात आली आणि मला यांतलं काहीच म्हणता येईना. मला उघडं पाडायला माझ्या पत्राला उत्तर न देणं एवढंच पुरलं असतं. तुम्ही मुलांसाठी लिहिलंत आणि माझी चूकही दुरुस्त करून पाठवलीत.

तांबरमहून परतलो त्याच संध्याकाळी सुनंदाला सगळं सांगितलं. ती वह्या तपासत होती. पेन्सिल खाली ठेवून तिनं विचारलं, 'मी कोणाच्या जागेवर बसले आहे, हे तुम्हाला पहिल्या दिवसापासून माहीत होतं?' मी हो म्हटलं. 'मी रोज घरी येऊन त्या प्रकरणाचं कौतुक करत होते. तुम्ही ऐकून घेत होतात?' मी हो म्हटलं. ती रडली नाही, भांडली नाही. म्हणाली, 'त्या पुस्तकापायी मी तुम्हाला शहाणे समजत होते हो.' मग परत वह्या ओढल्या. तीन आठवडे होत आले; कामापुरतं बोलते. त्याबद्दल मला काही म्हणायचं नाही.

पंधरा तारखेला समितीची बैठक झाली. तोच व्हरांडा. मी तुमची दोन्ही हस्तलिखितं टेबलावर ठेवली. जुनी पानं मी फाडली नव्हती. का ठेवली होती ते मलाही सांगता येणार नाही. उभं राहून सांगितलं. एकानं हलकेच म्हटलं, की झालं ते झालं, आभारात नाव घालू. प्रतापसिंहरावांनी हात वर करून त्यांना थांबवलं. मला विचारलं, 'तेव्हां ती तिथें दारांत उभी होती ना?'

'होय.'

'आणि तिनं तुम्हांस कॉफी दिली?'

'दिली.'

त्यांनी तुमची जुनी पानं पुढे ओढली. मग म्हणाले, 'तुम्ही खोटें बोललांत तें तुमचें तुम्हांपाशीं. पण त्यावर मी जें बोललों, तें त्या मुलीनं आमच्या तोंडून ऐकलं. आमच्याच माणसाच्या तोंडून.' त्यांचे डोळे भरून आले होते. सत्तरीचा माणूस. त्यांनाही मीच तिथे नेऊन उभं केलं होतं.

ठरलं ते असं. ही दोन्ही प्रकरणं तुमच्या नावानं छापली जातील. नाव कसं छापायचं, 'व्ही. कनका' की 'कनकाबाई वेंकोबाराव', हे समिती तुम्हाला विचारील. माझी बाकीची प्रकरणं ठेवायची की नाही, तेही तुम्ही ठरवावं, असं मी लिहून दिलं आहे. मी समितीतून आणि रविवारच्या वर्गातून निघालो. सुनंदानं जूनपासून जागा सोडल्याचं पत्र दिलं. मुलांचं वर्ष अर्ध्यावर तुटू नये म्हणून तोवर ती शिकवील. तिनं तुम्हाला वेगळं पत्र घातलं आहे. त्यात काय आहे ते तिनं मला दाखवलं नाही, मी विचारलंही नाही. जागेबद्दल प्रतापसिंहराव स्वतः तांबरमला येऊन तुमच्याशी बोलणार आहेत. त्यांना फाटकावर थांबावं लागलं तरी ते नाव सांगतील.

तुम्ही ती जागा घ्यावी, असं म्हणण्याचा अधिकार मला नाही. नको म्हणालात, तर तेही सगळ्यांना समजेल. जून महिन्यात ती तुम्हाला मिळू शकते. वेंकोबांना मात्र डॉक्टरांच्या जवळचं घर मी मिळू दिलं नाही, आणि ते आता समितीच्या कुठल्याही ठरावानं मिळणार नाही. एवढं एक लिहायला मला तीन पत्रं लागली.

क्षमा मागत नाही. मागितली, तर ती द्यायची की नाही हे ठरवण्याचं ओझंही तुमच्याच डोक्यावर पडेल, आणि माझ्यामुळे तुम्ही पुष्कळ वाहिलं आहे. या पत्राला उत्तर नको.

ते प्रकरण ज्यानं लिहिलं नाही, तो
रविकांत खरवंडीकर